वेदी आणि मांडव

नाताळ पार पडला, तीन राजांचा सण आटोपला, की वसईच्या ख्रिस्ती वाड्यांतून लग्नसराईचे वारे वाहू लागतात. आगमनकाळाचा संयम संपलेला असतो आणि उपवासकाळ अद्याप दूर असतो. या मधल्या आठवड्यांत घरोघर मांडव उभे राहतात आणि चर्चच्या घंटांना बँडच्या सुरांची साथ लाभते. अलीकडे मात्र या आनंदात एका प्रश्नाची भर पडली आहे. लग्न चर्चमध्येच का लागावे? आपल्याच वाडीत, झाडांच्या सावलीत किंवा समुद्रकाठी, स्वतःच्या शब्दांत आणाभाका घेऊन ते का लागू नये? गव्हाणीत जन्मलेल्या ख्रिस्ताला चार भिंतींचा आग्रह कशाला, असे तरुण विचारतात. घरातील वडीलधारी माणसे दुखावतात, धर्मगुरू नियमाकडे बोट दाखवतात आणि मंगलकार्याच्या घरात अबोला शिरतो.

हा प्रश्न थिल्लर आहे, चित्रपटांच्या अनुकरणातून आला आहे, असे म्हणून तो झटकून टाकणे सोपे आहे. अनुकरणाचा भाग त्यात नाही असे नाही. तथापि सर्वांनाच त्या मापाने मोजणे अन्यायाचे होईल. ज्या वाडीतील विहिरीचे पाणी पिऊन आपण वाढलो, जिथे आजोबांनी पानवेली आणि केळी जोपासल्या, त्या वाडीच्या चहूबाजूंनी इमारती उठत असताना, ती हातची जाण्यापूर्वी आपले मंगलकार्य तिच्या साक्षीने व्हावे असे एखाद्या मुलीला वाटले, तर त्या इच्छेत कृतज्ञता आहे. आणि कृतज्ञता हा धर्मभावनेचाच एक पैलू आहे. तेव्हा प्रश्न विचारणाऱ्यांना उत्तर दिले पाहिजे, आणि उत्तर द्यायचे तर नियम कशासाठी जन्माला आला हे आधी पाहिले पाहिजे.

कॅथलिक विवाहसंस्काराचे एक वैशिष्ट्य अनेकांना, कित्येकदा खुद्द ख्रिस्ती मंडळींनाही, ठाऊक नसते. रोमन परंपरेनुसार या संस्काराचे खरे पुरोहित वधू आणि वर स्वतः असतात. परस्परांना दिलेल्या संमतीने ते एकमेकांना हा संस्कार बहाल करतात. धर्मगुरू ती संमती विचारतो, चर्चच्या वतीने स्वीकारतो आणि आशीर्वाद देतो. किंबहुना सोळाव्या शतकाच्या मध्यापर्यंत दोघांनी एखाद्या झाडाखाली, कोणी पाहत नसता, एकमेकांना वचन दिले तरी तो विवाह चर्च वैध मानीत असे. गुप्त विवाहाला चर्चने दोष दिला, पण तो मोडीत काढला नाही.

याचा परिणाम काय होई? वचन देणारा पुरुष उद्या फिरला आणि ‘मी असे काही बोललोच नव्हतो’ म्हणाला, तर स्त्रीच्या हाती पुरावा कोणता? एकीला गुप्तपणे वचन देऊन दुसरीशी उघडपणे लग्न लावणारे निपजत. फसलेली स्त्री आणि तिचे मूल यांचा वाली कोणी नसे. या दुखण्यावर उपाय म्हणून ट्रेंट येथील परिषदेने ११ नोव्हेंबर १५६३ रोजी एक आदेश काढला. लग्नापूर्वी तीन सणवारी वधू-वरांची नावे चर्चमध्ये जाहीर व्हावीत, विवाह धर्मगुरू आणि दोन किंवा तीन साक्षीदार यांच्यासमक्ष व्हावा आणि त्याची नोंद वहीत व्हावी, असे त्या आदेशाने ठरवले. म्हणजे हा नियम भिंतींच्या पावित्र्यातून निघालेला नाही. दुबळ्या बाजूला समाजाचे संरक्षण मिळावे, या तळमळीतून तो निघाला आहे. ‘आमचे प्रेम आमच्यापुरते, इतरांचा संबंध काय?’ असे म्हणणाऱ्यांनी एवढे ध्यानात घ्यावे की ज्या काळी खरोखरच इतरांचा संबंध नव्हता, त्या काळी अश्रू कोणी ढाळले.

आज लागू असलेली १९८३ ची धर्मसंहिता याच पायावर उभी आहे. दोघेही कॅथलिक असतील तर विवाह धर्मग्रामाच्या चर्चमध्ये व्हावा, असे ती सांगते. अन्य चर्चमध्ये किंवा प्रार्थनामंदिरात तो लावण्यास बिशपांची अथवा धर्मग्रामाच्या प्रमुख धर्मगुरूंची परवानगी पुरते. चर्चबाहेरील एखाद्या योग्य जागी विवाह लावण्यास संमती देण्याचा अधिकारही बिशपांना आहे. अर्थात ती संमती सहसा मिळत नाही. परंतु धर्मगुरू आणि साक्षीदार यांच्यावाचून केवळ बागेत उरकलेला विवाह चर्चच्या दृष्टीने विवाहच ठरत नाही, आणि अशा दांपत्याला पुढे ख्रिस्तप्रसाद घेता येत नाही. ज्या आजीने नातीच्या लग्नाच्या मिस्सेची वर्षानुवर्षे वाट पाहिली, तिला ही गोष्ट किती लागत असेल याची कल्पना करणे कठीण नाही.

मग उघड्या आकाशाखालच्या त्या समारंभाला जागाच नाही का? वस्तुतः आपल्या पूर्वजांनी ती कधीच करून ठेवली आहे. मुंबई, ठाणे आणि वसईच्या पट्ट्यातील ईस्ट इंडियन समाजात उंबराच्या पाण्याचा विधी आहे. लग्नाच्या आदल्या दिवशी वाजतगाजत विहिरीवर जाऊन पाणी आणायचे आणि त्या पाण्याने वधूला वा वराला न्हाऊ घालायचे. गोमंतकात नारळाच्या दुधाचा ‘रोस’ लावतात. हे सारे घरी, अंगणात, मांडवात घडते. त्यात धर्मगुरूंचे काम नसते. काम असते ते आत्या-मावशांचे, गीत म्हणणाऱ्या आजीबाईंचे आणि पाणी शेंदणाऱ्या शेजाऱ्यांचे. वचन वेदीपुढे आणि आनंद मांडवात, अशी ही वाटणी आहे. दोन्ही ठिकाणी लग्नच असते, परंतु एक दुसऱ्याची जागा घेत नाही.

ही वाटणी सुखासुखी टिकलेली नाही, हेही चर्चच्या अधिकाऱ्यांनी विसरू नये. थॉमस स्टीफन्स यांनी १६१६ साली मराठी ओवीत ‘ख्रिस्तपुराण’ दिले. त्यानंतर १२० वर्षांनी, १७३६ साली, गोव्याच्या इन्क्विझिशनने फर्मान काढून लग्नात ओव्या गाण्यास, हळद-तेल लावण्यास आणि विडा-फुले देण्यास मनाई केली. ज्या ओवीने ख्रिस्ताची कथा घरोघर पोचवली, तीच ओवी मांडवात गुन्हा ठरली! फर्मान इतिहासजमा झाले आणि रोस मात्र आजही लागतो. लोकांच्या हृदयातील रीत हुकूमाने मरत नाही. ट्रेंटच्या ज्या आदेशाने साक्षीदारांचा नियम घातला, त्याच आदेशात त्या त्या प्रदेशातील प्रशंसनीय विवाहरीती राखाव्यात अशी उत्कट इच्छाही व्यक्त झाली होती. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेने १९६३ साली तिचाच पुनरुच्चार केला. नियम आणि रीत यांचा जन्म असा एकाच पानावरचा आहे. नियमाचे पान वाचून दाखवणाऱ्याने त्यातील दुसरी ओळ गाळू नये.

तेव्हा मेळ घालायचा तो कसा? प्रस्तुत लेखकाच्या मते त्याचे सूत्र एकच आहे. संमती एकदाच द्यावी, आनंद हवा तेवढा करावा. सकाळी वेदीपुढे दिलेले वचन सायंकाळी वाडीत पुन्हा वदवून घेण्याचे, एखाद्या मित्राला धर्मगुरूच्या जागी उभे करण्याचे, किंवा छायाचित्रकाराच्या सोयीसाठी अंगठ्या काढून पुन्हा घालण्याचे प्रयोजन नाही. दुसऱ्यांदा विचारलेला प्रश्न पहिल्या उत्तराचे मोल कमी करतो. उलट वाडीत करण्यासारखे पुष्कळ आहे. आईवडिलांचे ऋण स्वतःच्या शब्दांत मानावे. दोन्ही घरांच्या थोरांनी मस्तकावर हात ठेवून आशीर्वाद द्यावेत. दिवंगतांचे स्मरण करावे, दोघांनी मिळून एखादे रोप लावावे. म्हाताऱ्या सासूसासऱ्यांची काळजी घेऊ, भांडण रात्रीपलीकडे नेणार नाही, असे घरगुती संकल्पही जरूर बोलावेत. ही विवाहाची संमती नव्हे. दिलेल्या संमतीचा हा अर्थ आहे आणि तो सांगायला अंगणाइतकी योग्य जागा नाही.

जेथे वधू किंवा वर ख्रिस्ती नसेल, तेथे प्रश्न अधिक नाजूक होतो. अशा विवाहास बिशपांकडून सूट घ्यावी लागते, आणि तो चर्चबाहेरील योग्य जागीही लावता येतो. परंतु संमती देण्यासाठी वा तिच्या पुनरुच्चारासाठी दुसरा धार्मिक विधी त्यापूर्वी किंवा त्यानंतर करू नये, अशी धर्मसंहितेची अट आहे. हिंदू आईला मात्र अंतरपाट आणि सप्तपदीवाचून मुलीचे लग्न लागल्यासारखे वाटत नाही. तिचे दुःख खरे आहे. येथे लपवाछपवी हा सर्वांत वाईट मार्ग होय. दोन्ही कुटुंबांनी धर्मगुरूंसमवेत आधी बसून बोलावे. अक्षता आशीर्वाद म्हणून डोक्यावर पडाव्यात, समई लागावी, ओटी भरली जावी. सप्तपदी मात्र, जी हिंदू परंपरेत स्वतःच विवाहाची पूर्तता आहे, केवळ देखाव्यासाठी घालू नये. दोन्ही धर्मांचा आदर राखायचा तर कोणाच्याही मंत्राचे नाटक होता कामा नये.

धर्मगुरूंनाही एक विनंती आहे. परवानगी मागायला आलेल्या जोडप्याला दारातूनच नकार देऊ नये. जे उत्तर दोन मिनिटांत देता येते, त्यासाठी अर्धा तास द्यावा. नियमामागची माणुसकी सांगितली, तर तरुण ती समजून घेतात. शक्य असेल तेथे सायंकाळी मांडवात जाऊन त्या वाडीला आणि तिथल्या विहिरीला आशीर्वाद द्यावा. आपण जिथे वाढलो ती जागाही चर्चला परकी नाही, हा दिलासा त्या मुलीला आयुष्यभर पुरेल.

शुभवर्तमानातील काना गावचे लग्न सर्वांना परिचित आहे. तेथे आणाभाका कोणी घेतल्या, कोणत्या शब्दांत घेतल्या, याविषयी योहान काही सांगत नाही. तो सांगतो ते मेजवानीविषयी, पाण्याच्या सहा दगडी रांजणांविषयी आणि यजमानाची अब्रू राखणाऱ्या एका आईच्या शब्दाविषयी. ख्रिस्ताने आपले पहिले चिन्ह केले ते लग्नघरच्या पंगतीत. मांडवाला याहून मोठा मान कोणता हवा? आणि वेदीने त्या मांडवाकडे संशयाने का पाहावे? या नाताळानंतर ज्यांच्या घरी मांडव पडणार आहे, त्यांना वेदीची साक्ष आणि अंगणाची सावली दोन्ही लाभोत, हीच सदिच्छा.