नांवांचे खोटे अर्थ

बारशाच्या आधीं नांवांच्या याद्या चाळावयाच्या आणि जेथें ‘सूर्याचा पहिला किरण’ किंवा ‘विष्णूचा अंश’ असा अर्थ दिसेल तेथें बोट ठेवावयाचें, ही रीत सुशिक्षित घरांत रूढ झाली आहे. मेथीची जुडी उलटून पाहणारी हीच मंडळी लेंकराला जन्मभर पुरावयाचा शब्द मात्र न तपासतां घेतात, याचें आम्हांस नवल वाटतें.

‘अनिकेत’ हेंच नांव घ्या. याद्या त्याचा अर्थ ‘जगाचा स्वामी’ असा देतात. निकेत म्हणजे घर. अनिकेत म्हणजे ज्यास घर नाहीं तो. गीतेच्या बाराव्या अध्यायांत हा शब्द घरादाराची आसक्ति सुटलेल्या भक्तासाठीं आला आहे. खरा अर्थ खोट्याहून कितीतरी मोठा. पण त्यासाठीं वामन शिवराम आपटे यांचा १८९० चा कोश उघडावा लागतो, आणि तो तर आज घरबसल्या पाहतां येतो! ‘अथर्व’ म्हणजे गणपति, असेंही सांगतात. अथर्वशीर्षांत गणपतीची स्तुति आहे, एवढ्यानें अथर्वा हा वैदिक ऋषि गणपति होत नाहीं. ‘कियारा’ हें इटालियन नांव ‘तेजस्वी’ या अर्थाचें. त्याच्यासारखेंच दिसणारें आयरिश नांव ‘काळी’ या अर्थाचें. याद्या दोहोंची खिचडी करतात.

कोणी म्हणतील, नांव कानाला गोड लागलें म्हणजे झालें. मग गोडीसाठींच ठेवा. पूर्वीं मुलें जगत नसत त्या घरीं दगडू, धोंडू अशीं नांवें ठेवीत. ठेवणारांस आपण काय करतों हें पुरें ठाऊक असे. आमचा वाद परकी नांवांशीं नाहीं, निरर्थक नांवांशींही नाहीं. तो खोट्या अर्थाशीं आहे.

व्याकरण कां शिकावें हें सांगतांना पतंजलीनें महाभाष्याच्या आरंभींच पुत्राचें नामकरण हेंही एक प्रयोजन गणलें आहे. नांव कृदन्त असावें, तद्धितान्त नसावें, आणि हा भेद व्याकरणावांचून कळत नाहीं, असें त्याचें म्हणणें. एवढी विद्या घरोघर नको. तीन प्रश्न पुरेत. शब्द त्या त्या भाषेच्या कोशांत आहे काय? कोणत्या ग्रंथांत तो त्या अर्थानें आला आहे? नसल्यास व्याकरणाच्या नियमांनीं तो सिद्ध होतो काय? तिन्हींचें उत्तर ‘नाहीं’ असें आलें, तर नांव खुशाल ठेवा. अर्थ मात्र सांगूं नका.

मूल उद्यां शाळेंत आपल्या नांवाचा अर्थ अभिमानानें सांगेल. स्वतःविषयीं तें जें पहिलें वाक्य बोलेल, तें आईबापांनीं शिकविलेलें असत्य नसावें.