माल्ट म्हणजे दारू नव्हे, आपलेच सत्त्व

पाकिटावर 'माल्ट' हा शब्द दिसला की आमच्याकडच्या कितीतरी घरांत ते पाकीट दुकानदाराला परत दिले जाते. बिअर माल्टपासून होते, एवढेच लोकांनी ऐकलेले असते. मी शाळेत उर्दू आणि मराठी दोन्ही शिकवतो, त्यामुळे पालक मला शब्दांचे अर्थ विचारतात. या शब्दाचा अर्थ मी एका मराठी शब्दात सांगतो: सत्त्व. नाचणी भिजवायची, फडक्यात बांधून मोड आणायचे, वाळवायची, हलकी भाजायची आणि दळून गाळून घ्यायची. बाळाला आपण भरवतो ते हेच. नाचणीऐवजी जव घेतले की त्याला इंग्रजीत माल्ट म्हणतात.

मोड येताना दाण्यातले पिष्ट फोडणारी द्रव्ये तयार होतात आणि त्या पिष्टाची साखर होऊ लागते. म्हणून सत्त्व गोडसर लागते आणि पचायला हलके असते. त्यात दारूचा थेंबही नसतो. दारू होते ती पुढे, माल्टचे पाणी आंबवल्यावर. हा फरक आपल्या परंपरेला नवा नाही. खजूर किंवा मनुका पाण्यात भिजवून केलेले नबीज प्रेषित मुहम्मद (स.) पीत असत, पण तीन दिवसांपलीकडे ते ठेवत नसत, असे हदीसमध्ये आहे. फतवा देणे माझे काम नाही. पण आक्षेप नशेला आहे, धान्याच्या मोडाला नाही, एवढे समजायला मुफ्ती लागत नाही.

इंग्लंडमध्ये याच माल्टचा गोड पाव करतात. जवाच्या माल्टचा दाट अर्क आणि मनुका घातलेला हा पाव काळपट, ओलसर आणि चिकट असतो. कापून, लोणी लावून खातात. त्यातला सर्वांत प्रसिद्ध 'सोरीन' १९३०च्या दशकात मँचेस्टरमध्ये निघाला. तो काढणारे सोरेनसन मूळचे डेन्मार्कचे. वेल्समध्ये बारा ब्रिथ आणि आयर्लंडमध्ये बार्मब्रॅक हे याचे भाऊबंद. त्यांत माल्ट नसले तरी चालते, सुकामेवा मात्र बहुधा चहात भिजवून घालतात. दोन्ही नावांचा अर्थ ठिपक्यांचा पाव. आपल्या भिवंडीला मँचेस्टर म्हणवून घ्यायला फार आवडते. त्या गिरणगावाची न्याहारी मात्र आपण कधी पाहिलीच नाही.

'हे साहेबाचे खाणे, आपल्याला कशाला?' असे कोणी म्हणेल. त्याला अंजूरमध्ये बसून उत्तर देणे सोपे आहे. पोर्तुगीजांविरुद्धच्या वसई मोहिमेत याच गावच्या गंगाजी नाईक अंजूरकरांनी मोठी कामगिरी केली. १७३९मध्ये चिमाजी अप्पांनी वसई जिंकली. पोर्तुगीज गेले, त्यांनी आणलेला पाव राहिला. गोव्यात तर तो पाव ताडी घालून फुगवत. आज तोच पाव वडापावात आहे आणि रमजानमध्ये खिम्याबरोबरही. केशर-दुधाचा शीरमाल इराणकडून आला, ब्रून मस्का मुंबईच्या इराण्यांनी दिला. रोटीला जात नसते आणि पासपोर्टही नसतो.

माझी तळमळ वेगळीच आहे. यंत्रमागाच्या पाळ्या सांभाळणाऱ्या घरांत सकाळी चूल पेटायला वेळ नसतो. मुले चहाबरोबर खारी नाहीतर बटर खाऊन शाळेत येतात. म्हणजे मैदा, वनस्पती तूप आणि साखर. तिसऱ्या तासाला ती पेंगू लागतात. त्यांना ओरडून काय होणार? २०२४मध्ये राज्य सरकारने शालेय पोषण आहाराच्या पाककृतींत नाचणीचे सत्त्व घातले, ते चांगलेच झाले. पण तो दुपारचा घास. सकाळचे काय?

सकाळी आई दमलेली असते, बेकरी मात्र उघडी असते. म्हणून माझे म्हणणे बेकरीवाल्यांना आहे. भिवंडीत मोहल्ल्यामोहल्ल्यात भट्ट्या आहेत, उस्ताद कारागीर आहेत. चार वाट्या कणकेला एक वाटी नाचणीचे सत्त्व, चिरलेला खजूर, मूठभर मनुका, थोडा गूळ आणि खमीर. सत्त्व याहून जास्त नको, कारण नाचणीला चिकटा नसतो आणि पाव बसतो. हा पाव उंच फुगणार नाही, जरा चिकट राहील. तो तसाच असायला हवा. खजुराची गोडी असल्यावर साखर लागत नाही.

एक सावधगिरी मात्र हवी. माल्टच्या नावाखाली साखरही खूप विकली गेली आहे. एप्रिल २०२४मध्ये केंद्र सरकारने ऑनलाइन विक्रेत्यांना बोर्नव्हिटा आणि तशी पेये 'हेल्थ ड्रिंक'च्या गटातून काढायला सांगितले, ते उगाच नव्हे. तेव्हा पाकिटावर 'माल्ट' शब्द दिसला म्हणून घाबरू नका आणि भुलूही नका. मागची बाजू उलटून साखर किती आहे ते वाचा. आपल्या मुलांना वाचायला शिकवतो, ते कशासाठी?

रमजानमध्ये आपण भट्टीवर शीरमालसाठी रांग लावतो. उरलेल्या अकरा महिन्यांत सत्त्व-खजुराच्या पावाची मागणी त्याच भट्टीवर करून पाहा. गिऱ्हाईकाने मागितले की उस्ताद करतो. कोणी मागितलेच नाही, म्हणून तर मुलांच्या हातात अजून खारी आहे.