बालेवाडीचा संप आणि आपली तेंदूफळी

जानेवारी २०१० मध्ये पुण्याच्या बालेवाडीत भारतीय हॉकी संघाने सरावाला नकार दिला. आधी थकलेले पैसे द्या, मग मैदानात उतरू, एवढेच म्हणणे होते. हॉकी इंडियाने प्रत्येकी २५ हजार रुपये देऊ केले. मागणी साडेचार लाखांची होती. देशासाठी खेळता, मग पैसे कसले मागता, हा नेहमीचा सूरही लागला. (पदाधिकाऱ्यांच्या विमानभाड्याला हा प्रश्न कोणी विचारत नाही.) संघातून काढण्याची धमकी झाली. पण दिल्लीतला विश्वचषक दीड महिन्यावर आला होता आणि कर्णधार राजपाल सिंगसह सगळा संघ एकत्र राहिला. काही दिवसांतच प्रायोजक सहाराने १ कोटी रुपये दिले, सराव सुरू झाला.

वेळेचे हे हत्यार मालकही वापरतात. अमेरिका-कॅनडातल्या बर्फावरच्या हॉकीत संघमालकांनी सप्टेंबर २००४ मध्ये टाळेबंदी केली. अख्खा हंगाम बुडाला. खेळाडूंची संघटना जुनी आणि भक्कम होती, तरी पगारावर कमाल मर्यादा आणि २४ टक्के कपात तिला मान्य करावी लागली. थांबणे मालकांना परवडत होते.

हा फरक बाबासाहेबांनी ओळखला होता. १९३८ मध्ये मुंबई विधिमंडळात औद्योगिक कलह विधेयक आले, तेव्हा संपाचा हक्क हा स्वातंत्र्याचाच हक्क आहे, अशी मांडणी त्यांनी केली आणि ७ नोव्हेंबरच्या संपात स्वतंत्र मजूर पक्ष कम्युनिस्टांसोबत उतरला.

चंद्रपूर-गडचिरोलीत आम्ही काम करतो तिथे हे वेगळे सांगावे लागत नाही. तेंदूपत्त्याचा हंगाम उन्हाळ्यातल्या थोड्या आठवड्यांचा. पान जाड झाले की कंत्राटदाराच्या कामाचे राहत नाही. ७० पानांचा पुडा बांधून फळीवर नेणाऱ्या बाईची ताकद तेवढ्याच दिवसांची. पोती गोदामात गेली की रॉयल्टीसाठी ग्रामसभेलाच कंत्राटदाराच्या मागे फिरावे लागते. म्हणून आसपासच्या ग्रामसभांनी मिळून लिलाव करावा, आगाऊ रक्कम जमा झाल्याशिवाय पोते उचलू देऊ नये, असे आमचे मत आहे. एकेकटी ग्रामसभा कंत्राटदाराला सहज वाकवता येते.

हंगामाआधी करारनाम्याची ग्रामसभा होते, तिला आपले शिकलेले युवक फारसे दिसत नाहीत. यंदा जा. रक्कम, तारीख आणि उशीर झाल्यास दंड, ही तीन कलमे सह्यांआधी सगळ्यांसमोर मोठ्याने वाचून घ्या.