‘मामा, हे खरं धरायचं नसतं’

रविवारी भाच्यासोबत ड्रॅगन बॉल झेडचा १९९३ चा ब्रोलीवाला सिनेमा बघत होतो. मध्येच पठ्ठ्या म्हणाला, "मामा, हे कॅनन नाही. खरं धरायचं नसतं."

आता हिशेबाने त्याचं बरोबर आहे. अकिरा तोरियामांची मूळ चित्रकथा जपानी साप्ताहिकात १९८४ ते १९९५ चालली. टीव्हीची मालिका तिच्या मागोमाग. आणि १९८९ ते १९९५ या काळात तोएई कंपनीने झेडचे १३ सिनेमे काढले, बहुतेक तासाभराच्या आतबाहेरचे. मूळ कथेच्या कालक्रमात ते नीट बसतच नाहीत.

तरी मला ते मालिकेपेक्षा जास्त आवडतात. मालिकेत फ्रीझा म्हणतो, ग्रह पाच मिनिटांत फुटणार, आणि मग एपिसोडवर एपिसोड जातात! चित्रकथेच्या पुढे जाता येत नव्हतं, म्हणून पाणी घालणं चालू. सिनेमात ती चैन नाही. व्हिलन आला, सगळ्यांना धुतलं, गोकू उठला, संपलं. शिवाय ‘असं झालं असतं तर’ विचारायची मुभा. १९९० च्या सिनेमातला टर्लेस घ्या. चेहरा हुबेहूब गोकूचा, पण हा ग्रहच्या ग्रह ओरबाडत फिरतो. पृथ्वीवर आजोबा भेटले नसते तर गोकूचं काय झालं असतं, ते समोर उभं राहतं. मूळ कथेला हे असं दाखवायला सवड नाही.

सगळेच भारी आहेत असं नाही हां. ब्रोलीचा राग कशावरून, तर बाळपणी शेजारच्या पाळण्यात गोकू रडायचा! पण लोकांनी त्याला डोक्यावर घेतलं. शेवटी २०१८ मध्ये खुद्द तोरियामांनी त्याची गोष्ट नव्याने लिहिली, तोही मूळ कथेत आला. १९९५ च्या सिनेमातला गोजेटासुद्धा.

आम्हा पत्रकारांना अधिकृत दुजोरा लागतो. बातमीला लागलाच पाहिजे. पण गोष्टीला कशाला? गणपतीने महाभारत लिहून घेतलं, ही कथा भांडारकर संस्थेच्या चिकित्सक आवृत्तीने मूळ संहितेत धरलेली नाही. म्हणून घरोघरी ती सांगायची कोणी थांबलंय का?

भाच्याला हे सगळं ऐकवलं. तो म्हणाला, "पण मामा, जुना ब्रोली अजूनही कॅनन नाहीच."

नसू दे. पुढच्या रविवारी फ्रीझाच्या भावाचा, कूलरचा सिनेमा लावतोय. तोही कॅनन नाही.