सूत्र आणि प्रकरण

कृतीचा नैतिक निवाडा सामान्य तत्त्वांच्या आधारे करू नये, ही भूमिका जोनाथन डान्सी यांनी 2004 मधील 'एथिक्स विदाउट प्रिन्सिपल्स' या ग्रंथात आग्रहाने मांडली. एका प्रसंगी कृतीच्या बाजूने असणारे कारण दुसऱ्या प्रसंगी तिच्या विरोधात जाऊ शकते, हा तिचा गाभा. ही भूमिका देवगिरीच्या, म्हणजे 1327 नंतरच्या दौलताबादच्या, यादवकाळाला लावली की एक सोयीचे द्वंद्व तयार होते. एका बाजूस श्रीकरणाधिप हेमाद्री आणि त्याचा व्रतदानादी नियमांचा 'चतुर्वर्गचिंतामणी'; दुसऱ्या बाजूस म्हाइंभटाने संकलित केलेले, चक्रधरांच्या आठवणींचे 'लीळाचरित्र'. नियम तेवढा जाचक आणि प्रसंग तेवढा मानवीय, असा निष्कर्ष मग आपसूक निघतो. तो तपासून पाहिल्यास टिकत नाही.

हेमाद्रीच्या ग्रंथात उणीव आहे ती सामान्यतेचीच. दान कोणी, कोणाला, कोणत्या तिथीस द्यावे हे तो सांगतो. परंतु तेथे पात्रता जन्माने ठरते. नियमांची संख्या वाढल्याने तत्त्व हाती येत नाही. याउलट चक्रधर रजस्वलेचा विटाळ नाकारतात, तेव्हा समोरच्या एका स्त्रीपुरती सवलत देत नाहीत. शरीरातून इतर मळ बाहेर पडतात तसाच हाही, असे कारण ते देतात. समान गोष्टींना समान न्याय, हे तत्त्व त्या कारणात गृहीत आहे. ते वगळले तर त्या लीळेत केवळ एका थोर पुरुषाची कृपा उरते.

कृपा तिच्या कर्त्याबरोबर संपते. चक्रधरांच्या पश्चात नव्या शंकांचे निरसन करण्यास स्वामी नव्हते. केसोबासांनी त्यांची वचने वेचून 'सूत्रपाठ' सिद्ध केला, यामागील निकड हीच. प्रसंगाची जाण हवी, हे डान्सी यांचे म्हणणे पंथालाही ठाऊक होते. कोणते सूत्र कोणत्या निमित्ताने निरूपिले, हे सांगणारा 'प्रकरणवश' त्याने म्हणूनच जपला. तेथे प्रकरण सूत्राचा अर्थ उलगडते, सूत्र रद्द करीत नाही.

'विशेष परिस्थिती' सत्ताधाऱ्याला नेहमीच सापडते. अन्याय झालेल्याजवळ मात्र 'इतरांना लागू होते ते मला का नाही?' एवढाच प्रश्न असतो, आणि तत्त्वाशिवाय तो विचारताच येत नाही. प्रसंगनिष्ठेच्या नावाखाली हा प्रश्न निरर्थक ठरविणारी नीतिमीमांसा कितीही सूक्ष्म असली, तरी ती बलवंताच्याच उपयोगी पडते.