समजून घ्या : टीव्हीवरच्या स्किटमध्ये गळकं छत दिसतं, मग पालिका का दिसत नाही?

माझगावात डॉकयार्ड रोड स्टेशनजवळची बाबू गेनू मंडईची इमारत २७ सप्टेंबर २०१३ रोजी सकाळी कोसळली. ६१ जणांचा जीव गेला. इमारत महापालिकेची आणि ढिगाऱ्याखाली पालिकेच्याच कर्मचाऱ्यांची कुटुंबं. अशा विषयावर विनोद करता येतो का? येतो. प्रश्न आहे, हसायचं कुणावर.

काळा विनोद म्हणजे काय?
मृत्यू, लाचखोरी, अन्याय यांवर हसवता हसवता व्यवस्थेचं पितळ उघडं पाडणं. कुंदन शाह यांच्या ‘जाने भी दो यारों’ (१९८३) या चित्रपटात मुंबईतला पूल पडतो, आयुक्ताचं प्रेत शहरभर फिरतं आणि तुरुंगात जातात ते घोटाळा शोधणारे दोघे फोटोग्राफर. १९८९ मध्ये जसपाल भट्टी यांनी ‘फ्लॉप शो’मधून हाच सूर टीव्हीवर आणला, तोही सरकारी दूरदर्शनवर. भट्टी स्वतः इंजिनीअर होते.

मराठीत काय चित्र आहे?
‘चला हवा येऊ द्या’ (२०१४) आणि ‘महाराष्ट्राची हास्यजत्रा’ (२०१८) यांनी स्किट घराघरांत नेलं. गौरव मोरेमुळे पवईचा फिल्टरपाडा महाराष्ट्राला माहीत झाला. ही मोठी कमाई आहे. पण हशा अनेकदा माणसाच्या दिसण्यावर, फाटक्या खिशावर वसूल होतो. फाइल दाबून बसलेल्या खुर्चीची पाळी क्वचितच येते.

अडतं कुठे?
केबल टीव्ही नियम, १९९४ मधला नियम ६ पाहा. खोटे, सूचक टोमणे, अर्धसत्यं आणि व्यक्ती किंवा गटांवरची टीका, बदनामी यांना त्यात मनाई आहे. शब्दशः धरलं तर व्यंगाची बरीचशी हत्यारं त्यात जमा होतात. वर जाहिरातदार सांभाळायचे आणि भावना दुखावणाऱ्यांची धास्ती. चॅनेल जोखीम घेत नाही.

मग मार्ग काय?
नाव घ्यायची गरजच नाही, पदनाम पुरतं. म्हाडा दर पावसाळ्याआधी अतिधोकादायक उपकरप्राप्त इमारतींची यादी जाहीर करते. नोटीस लागते. रहिवासी विचारतो, ‘साहेब, जायचं कुठे?’ साहेब पुढच्या दारावर नोटीस लावायला निघतात. गिरगाव, लालबाग, माझगावला हे स्किट पाठ आहे. ते टीव्हीवर यायला हवं. फक्त त्यात हशा रहिवाशावर नको, साहेबांवर यावा.