ॲसिडच्या आधी प्लंजर

मोरी तुंबली की आपला हात आधी ॲसिडच्या बाटलीकडे जातो. संडास तुंबला तरी तेच. माझ्या मते घरात त्या बाटलीपेक्षा शंभर-दोनशे रुपयांचा प्लंजर, म्हणजे दांड्याला रबरी वाटी लावलेला साधा पंप, असणं जास्त गरजेचं आहे.

फरशीसाठी मिळणारं ॲसिड हे बहुधा पाणी मिसळलेलं हायड्रोक्लोरिक आम्ल असतं. फरशीवरचे पांढरे क्षार त्यानं निघतात, पण मोरीत अडकतात ते केस आणि सिंकमध्ये साठतं ते तेल-तूप. हे त्यात विरघळत नाही. मग उपाय चालेना म्हणून वरून ब्लीचिंग पावडर टाकली जाते आणि तयार होतो क्लोरीन वायू. पहिल्या महायुद्धात, १९१५ मध्ये, ईप्रच्या रणांगणावर सोडला होता तो हाच! खिडकी लावलेल्या बाथरूममध्ये तो थोडाही छातीत गेला तर श्वास कोंडतो.

प्लंजरचं शास्त्र सोपं आहे. हवा दाबली जाते, पाणी जवळजवळ दाबलं जात नाही. त्यामुळे वाटी पाण्यात बुडलेली असेल तर आपला जोर थेट अडथळ्यापर्यंत पोहोचतो. पाणी कमी असेल तर ओतावं. बेसिनच्या काठाखालचं छोटं भोक ओल्या फडक्यानं बंद करावं, नाहीतर सगळा दाब तिथून निसटतो. पहिला दाब हळू द्यावा, मग पंधरा-वीस वेळा दाबावं आणि ओढावं. बहुतेक जण नुसतं दाबतात. खरं तर ओढण्यानंच अडकलेला गोळा मागे-पुढे हलून सुटतो. संडासासाठी आतून जादा रबरी ओठ असलेला प्लंजर घ्यावा आणि तो सिंकमध्ये अजिबात वापरू नये. पाणी भरलेलं असताना पुन:पुन्हा फ्लश ओढणं तर टाळाच.

ॲसिड आधीच ओतलं असेल, तर मात्र प्लंजर मारू नका. तेच पाणी डोळ्यांत उडतं.

मला जास्त काळजी वाटते ती नंतर बोलावल्या जाणाऱ्या माणसाची. संरक्षक साधनांशिवाय गटारात माणूस उतरवायला २०१३ च्या कायद्यानं बंदी आहे. पण आपल्या घरातल्या भांड्यात उघडा हात घालणाऱ्याला हातमोजे आहेत का, हे आपण विचारतो का? इमारतीत दोन-तीन घरांत एकदम पाणी वर येत असेल तर खालचा चेंबर तुंबलेला असतो. तिथे प्लंजर उपयोगाचा नाही, माणूसच लागतो. तो आला की आत काय काय ओतलंय, हे त्याला आधी सांगा.